खटका तारेचा आणि खटका माणसाचा

"काका, सोळाचा काढून बत्तीसचा टाकतो. मग बघा, परत पडणार नाही." वायरमन मनापासून बोलत होता. इंडक्शन, किटली आणि ओव्हन एकदम लागले की आमच्या स्वयंपाकघराचा एमसीबी थोड्या वेळाने पडायचा. तिघं मिळून 5 किलोवॅट. 230 व्होल्टला जवळपास 22 अँपिअर. खटका चोख काम करत होता. भिंतीतली तार अडीच चौरस मिलिमीटरची. बत्तीसचा बसवला असता, तर तो गप्प राहिला असता आणि तार तापत राहिली असती.

त्या छोट्याशा डबीत दोन यंत्रणा असतात. एक निवांत स्वभावाची: दोन धातूंची जोडपट्टी, जी तापली की वाकते आणि खटका सोडते. सोळाच्या एमसीबीतून 18 अँपिअर तासभर वाहिले तरी तो पडायचा नाही, 23.2 ला मात्र तासाच्या आत पडलाच पाहिजे, असं मानक आहे. दुसरी तापट: तारेची गुंडाळी. शॉर्टसर्किट झालं की ती चुंबक होऊन क्षणात खटका ओढते. संपर्क सुटताना ठिणगीची ज्वाळ उठते; ती शेजारच्या लोखंडी पट्ट्यांच्या चळतीत शिरते, तुकडे होऊन थंडावते. जुना एमसीबी फोडून बघा, पट्ट्या काजळलेल्या दिसतील. मॅनहाइमच्या ह्यूगो स्टॉट्झ यांच्या कंपनीचं एमसीबीचं पेटंट 1924 चं. आपल्याकडे मात्र चिनीमातीच्या किटकॅट फ्यूजमध्ये तार घालणं अगदी परवापर्यंत चालू होतं.

हे सगळं तारेला वाचवण्यासाठी. ओल्या हातांनी शॉक बसला, तर अंगातून पाव अँपिअरच्या आसपास प्रवाह जाऊ शकतो. जीव जायला तेवढा पुरतो; एमसीबीला त्याचा पत्ताही लागत नाही. तिथे आरसीसीबी लागतो. फेजमधून गेलेलं न्यूट्रलमधून परत आलं का, एवढाच हिशेब तो ठेवतो. घरगुती आरसीसीबी साधारणपणे 30 मिलिअँपिअरचा असतो. तेवढी तूट दिसली की लाइन तोडतो. (एका हातात फेज, दुसऱ्यात न्यूट्रल धरलंत, तर हिशेब जुळतो आणि तोही गप्प बसतो.)

त्याच्यावर 'टी' लिहिलेलं बटण असतं. दाबलं की मुद्दाम थोडी गळती होते. आमच्याकडे ते दहा वर्षांत कुणी दाबलं नव्हतं. त्या दिवशी दाबलं, तर काहीच झालं नाही. आतला खटका जाम झाला होता. एमसीबी सोळाचाच ठेवला, आरसीसीबी नवा आणला. तुमच्या पेटीतलं बटण आजच दाबून बघा. लाइट गेली नाही, तर वायरमनला बोलवा.