ज्यांची गोष्ट, त्यांच्यापर्यंत

चाळिशी उलटल्यावर नवी वाट धरण्याचे धाडस किती जण करतात? सुमित्रा भावे यांनी ते केले. चित्रपटाचे कोणतेही रीतसर शिक्षण नसताना!

१२ जानेवारी १९४३ रोजी पुण्यात जन्मलेल्या सुमित्राबाई मूळच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. दिल्लीच्या आकाशवाणीवर त्यांनी मराठी बातम्या वाचल्या, पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवले. झोपडपट्टीतील दलित स्त्रियांच्या जीवनाचा अभ्यास करताना त्यांना एक प्रश्न पडला. ज्या बायांनी मन मोकळे केले, त्यांना अक्षरओळखच नसेल तर हा अहवाल त्यांच्या काय उपयोगाचा? ज्यांची गोष्ट, त्यांनाच ती दिसली पाहिजे. यातूनच १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट जन्माला आला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले सुनील सुकथनकर तेव्हापासून त्यांचे सहकारी झाले, ते अखेरपर्यंत.

१९९५ च्या ‘दोघी’ने या जोडीचे नाव सर्वदूर नेले. लग्नाच्या दिवशीच अपघात होतो आणि नवरी ‘अपशकुनी’ ठरते. घर जगवण्यासाठी तिला मुंबईत शरीर विकावे लागते. तिचे पैसे घरच्यांना चालतात, ती मात्र चालत नाही! धाकटी बहीण तिच्या पाठीशी उभी राहते.

घराघरांत झाकून ठेवली जाणारी दुखणी हाच सुमित्राबाईंच्या पटकथांचा विषय. कॅनडात स्थायिक झालेल्या प्रा. जगन्नाथ वाणी यांच्या पुढाकाराने २००४ मध्ये ‘देवराई’ आला. स्किझोफ्रेनिया झालेला भाऊ आणि त्याला सांभाळणारी बहीण यांची ही कहाणी. ‘नितळ’मध्ये कोड, तर ‘अस्तु’मध्ये स्मृती हरवत चाललेले संस्कृतचे प्राध्यापक. हत्तीच्या मागे भरकटलेल्या या म्हाताऱ्याला माहुताची बायको लेकरासारखे सांभाळते. ‘अस्तु’च्या संवादांसाठी सुमित्राबाईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

अशा विषयांवर पैसा लावणार कोण? ‘कासव’साठी सुमित्राबाई, सुकथनकर आणि मनोविकारतज्ज्ञ अभिनेते मोहन आगाशे स्वतःच निर्माते झाले. आत्महत्येच्या टोकाला गेलेल्या तरुणाला कोकणातील समुद्रकिनारी एक स्त्री काहीही न विचारता आधार देते, एवढीच कथा. त्याला २०१६ चे सुवर्णकमळ मिळाले. ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ आणि ‘कोर्ट’ यांच्यानंतर हा मान मिळवणारा तो पाचवा मराठी चित्रपट.

१९ एप्रिल २०२१ रोजी पुण्यात सुमित्राबाईंचे निधन झाले. तरुण मुलगा गमावलेल्या वारकऱ्याची व्यथा सांगणारा त्यांचा ‘दिठी’ त्यानंतर महिन्याभराने घरोघरीच्या पडद्यावर आला. लॉकडाऊनच्या त्या दिवसांत कितीतरी घरे आपापल्या माणसांसाठी शोक करीत होती. ज्यांची गोष्ट होती, त्यांच्याच दारी ती पोहोचली होती.