कोर्टाची पायरी आणि समेटाची बैठक

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. पण ‘भाऊबंदकी’ हा शब्द ज्या भाषेत रुळला, त्या भाषेतील शहाणेही ही पायरी चढतातच. आमच्याही घरी तेच झाले. आजोबांच्या पश्चात काकांनी वडिलोपार्जित जमिनीच्या वाटणीचा दावा लावला. घरात दोन चुली होत्याच, आता दोन वकील झाले. आत्याही प्रतिवादी होती. परंतु ती हक्कसोड पत्रावर सही करील, हे दोन्ही भावांनी गृहीतच धरले होते.

दुसऱ्या वर्षी न्यायाधीशांनी प्रकरण मध्यस्थीकडे पाठवले. आता कोणी पंच निवाडा करणार, असे मला वाटले. हा गैरसमज पुष्कळांचा असतो, म्हणून हा लेखनप्रपंच.

या पद्धतीचा पाया म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ८९. ते १९९९ च्या दुरुस्तीने आले व १ जुलै २००२ पासून अमलात आले. तडजोडीला वाव दिसल्यास न्यायालय दावा लवाद, लोकअदालत, मध्यस्थी अशा मार्गांकडे पाठवू शकते. कुटुंबापुरता हा विचार त्याहून जुना आहे. कौटुंबिक दाव्यांत समेटाचा प्रयत्न करणे हे न्यायालयाचे कर्तव्यच आहे, असे १९७६ च्या दुरुस्तीने आणि पुढे १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याने सांगितले. २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने मध्यस्थीस योग्य अशा प्रकरणांत वैवाहिक तंटे व कुटुंबातील वाटण्या यांचा स्पष्ट उल्लेख केला. २०२३ साली संसदेने मध्यस्थीसाठी स्वतंत्र कायदाही केला.

लवाद निवाडा देतो. मध्यस्थ देत नाही. तो दोन्ही बाजूंना एकत्र बसवतो, मग प्रत्येकाशी एकांतात बोलतो. तिथे बोललेले पुढे कोर्टात पुरावा म्हणून वापरता येत नाही. समेट फिसकटला तर दावा पुन्हा न्यायालयात चालू होतो, कोणाचा हक्क बुडत नाही. समेट झाला तर करार लेखी होतो, सह्या होतात आणि त्यानुसार न्यायालय हुकूमनामा करते. संमतीने झालेल्या अशा हुकूमनाम्यावर नेहमीसारखे अपील नसते. म्हणून सहीपूर्वी प्रत्येक ओळ वाचावी.

आमच्या तीन बैठका झाल्या. आत्याला घेऊन मी जात असे व बाहेर व्हरांड्यात बसत असे. पहिल्या बैठकीत बाबा व काका विहिरीच्या पाण्यावरून भांडले. आत्या गप्प होती. दुसऱ्या वेळी मध्यस्थ बाईंनी तिला एकटीला आत बोलावले. काय झाले ते तिनेच मला एस.टी.त सांगितले. “त्यांनी विचारलं, तुम्हाला काय हवंय? चाळीस वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं रे.”

२००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच जन्मजात हक्क आहे, हे तिला त्या दिवशी नीट कळले. तिने पूर्ण तिसरा हिस्सा मागितला नाही. विहिरीलगतचा आंब्याचा तुकडा मागितला, आणि तोही सात-बारावर स्वतःच्या नावाने. काका आधी चिडले. बाबांनी मान खाली घातली. तिसऱ्या बैठकीत तुकडा आत्याचा झाला आणि विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या ठरल्या.

बाबा आणि काका आजही मोजकेच बोलतात. मध्यस्थीने मने जुळतातच, असा माझा दावा नाही. शिवाय जिथे मारहाण वा धाक आहे, तिथे समेटाच्या नावाखाली दुबळ्याला गप्प बसवले जाण्याचा धोका असतो. तिथे न्यायालयाचे संरक्षणच आधी हवे. खरी कसोटी एवढीच की, घरात ज्याला बोलता येत नाही त्याला त्या खोलीत बोलता आले का? आमच्या आत्याला आले. यंदा भाऊबीजेला दोघेही भाऊ तिच्याकडे गेले होते. वेगवेगळ्या वेळी, पण गेले होते.