सालेर्नो: डॉक्टरांच्या परीक्षेची परंपरा रुजवणारे शहर

दवाखान्यातल्या भिंतीवर लावलेले डॉक्टरांचे नोंदणी प्रमाणपत्र आपण क्वचितच वाचतो. ‘परीक्षा दिल्याशिवाय उपचार करायचे नाहीत’ हा नियम मात्र जुना आहे. त्याच्या इतिहासात दक्षिण इटलीतील सालेर्नो या शहराचे मोठे स्थान आहे.

हे शहर कुठे आहे?

सालेर्नो नेपल्सच्या आग्नेयेला, समुद्रकिनारी वसलेले आहे. इ.स.पू. 194 मध्ये तेथे रोमन वसाहत झाली. पुढे लोंबार्ड आणि नंतर नॉर्मन राजवट आली. मध्ययुगात येथील वैद्यकीय विद्यापीठ युरोपभर प्रसिद्ध होते. एक ग्रीक, एक लॅटिन, एक ज्यू आणि एक अरब अशा चौघांनी ते स्थापन केले, अशी दंतकथा आहे. ती खरी नसली तरी येथे अनेक परंपरांचे ज्ञान एकत्र आले, हे खरे.

महत्त्वाच्या व्यक्ती

- कॉन्स्टंटाइन आफ्रिकनस: उत्तर आफ्रिकेतून आलेल्या या विद्वानाने अकराव्या शतकात अरबी वैद्यकग्रंथ लॅटिनमध्ये आणले.
- ट्रोटा: बाराव्या शतकातील ही स्त्री वैद्य स्त्रियांवर उपचार करत असे. तिच्या नावाशी जोडलेल्या ग्रंथांत बाळंतपणात फाटलेली जागा शिवण्याचीही माहिती आहे.
- सम्राट फ्रेडरिक दुसरा: त्याने 1231 च्या कायद्यात सालेर्नोच्या शिक्षकांसमोर परीक्षा दिल्याशिवाय वैद्यकी करण्यास बंदी घातली. त्याच्या नियमांनुसार तीन वर्षे तर्कशास्त्र, पाच वर्षे वैद्यक आणि नंतर एक वर्ष अनुभवी वैद्याच्या हाताखाली काम करणे आवश्यक होते. औषध विकणाऱ्यांशी वैद्याने भागीदारी करू नये, असेही त्यात होते.

हे विद्यापीठ 1811 मध्ये बंद झाले.

जुना सल्ला आज पाळावा का?

सालेर्नोच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या आरोग्यविषयक पद्यग्रंथात बेताचे जेवण, विश्रांती आणि शांत मन यांवर भर आहे. हा सल्ला आजही चांगला आहे. पण त्याच ग्रंथात शिरेतून रक्त काढण्याचीही शिफारस आहे. आज मोजक्या आजारांतच, तेही डॉक्टरांच्या देखरेखीखाली, रक्त काढले जाते. त्यामुळे ‘उपाय शेकडो वर्षांचा आहे’ एवढ्यावरून तो सुरक्षित समजू नका. चालू असलेली औषधे स्वतःहून बंद करू नका.

तुम्ही काय करावे?

1. डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक पाहा. तो औषधाच्या चिठ्ठीवरही असायला हवा. महाराष्ट्रात अॅलोपॅथी डॉक्टरांची नोंदणी महाराष्ट्र वैद्यक परिषदेकडे होते. क्रमांक विचारण्यात डॉक्टरांचा अपमान नाही.
2. औषध का दिले, किती दिवस घ्यायचे, हे मोकळेपणाने विचारा.
3. बाळंतपणानंतर लघवी किंवा शौचावर ताबा राहत नसेल, टाके दुखत असतील, तर लाजू नका. ‘बाईच्या जातीला हे चालायचंच’ असे म्हणून घरच्यांनीही दुर्लक्ष करू नये. स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा, यावर उपचार आहेत. ताप, दुर्गंधीयुक्त स्राव किंवा जास्त रक्तस्राव असल्यास त्याच दिवशी रुग्णालयात जा.

ट्रोटाच्या काळात स्त्रिया अनेकदा लाजेपोटी आजार लपवत. आज तज्ज्ञ आहेत, उपचार आहेत. फक्त वेळेवर सांगायला हवे.