हैदराबाद सिटी पोलिस: एका फुटबॉल संघाची हकीकत

देगलूरहून हैदराबादची सडक धरली की थोड्याच अंतरावर आज तेलंगणाची हद्द लागते. परंतु 1956 सालच्या नोव्हेंबरापूर्वी तेथे राज्याची हद्द अशी नव्हतीच, आणि वरच्या अदालतीतील दावा असो, सरकारी चाकरीचा अर्ज असो की उच्च शिक्षणाची आकांक्षा असो, या तालुक्यातील माणसाला अखेरीस चारमिनारच्या शहराकडेच वळावे लागे. त्या राजधानीचे वैभव सांगताना आपल्याकडे उस्मानिया विद्यापीठाचे नाव अगत्याने घेतले जाते. मात्र त्याच शहरातील पोलिस खात्याच्या नोकरांनी उभा केलेला आणि एके काळी हिंदुस्थानात अजिंक्य मानला गेलेला फुटबॉल संघ मराठीत जवळजवळ अनुल्लेखितच राहिला.

या अनुल्लेखाला कारण आहे, असे मला वाटते. हैदराबादची कोतवाली ही निजामी अमदानीतील मोठ्या दबदब्याची संस्था. राजा बहादूर व्यंकटराम रेड्डी यांच्यासारखा कर्तबगार पुरुष 1920 ते 1934 पर्यंत तिच्या प्रमुखपदी होता. परंतु मराठवाड्यात निजामी पोलिस म्हटले की मुक्तिसंग्रामातील लाठ्या आणि तुरुंग आठवतात. सप्टेंबर 1948 मध्ये संस्थान भारतात विलीन झाले आणि त्यानंतर दोनच वर्षांनी शहर पोलिसांचा संघ मुंबईच्या मैदानावर विजयी झाला, तेव्हा त्या विजयाला आपला म्हणताना येथील कित्येकांची जीभ अडखळली असल्यास त्यांना दोष देता येणार नाही.

तो विजय रोव्हर्स चषकाचा होता. 1891 पासून चालत आलेल्या या स्पर्धेवर दीर्घकाळ गोऱ्या पलटणींचे वर्चस्व होते. 1937 साली बेंगळुरू मुस्लिम्सने तो चषक जिंकेपर्यंत एकाही भारतीय संघाला तो मिळाला नव्हता. अशा स्पर्धेत हैदराबाद सिटी पोलिसांनी 1950 ते 1954 अशी सलग पाच वर्षे विजेतेपद आपल्याकडे ठेवले, आणि 1950 सालीच दिल्लीच्या ड्युरँड चषकावरही नाव कोरले. कोलकात्याच्या क्लबांमागे जसा हजारोंचा लोकाश्रय असे तसा यांच्यामागे नव्हता. पोलिस खात्यातला हुद्दा आणि दरमहाचा पगार एवढीच त्यांची जहागीर.

या संघाला घडविणारा पुरुष पोलिस नव्हता, शाळामास्तर होता. सय्यद अब्दुल रहीम यांचा जन्म 1909 चा, शिक्षण उस्मानिया विद्यापीठात, पेशा अध्यापनाचा. सर्वजण त्यांना ‘रहीमसाहेब’ म्हणत. चेंडू पायाशी घोळवीत चार जणांना हुलकावण्या देणे हीच कला, असे मानण्याच्या काळात त्यांनी चेंडू आला की तत्क्षणी पुढे देण्याचा, सांघिक खेळाचा आग्रह धरला, आणि तो नुसत्या उपदेशावर न सोडता त्यासाठी स्पर्धांचे नियमच निराळे केले: कधी चेंडू घोळवण्यास मनाई, कधी केवळ दुबळ्या पायानेच खेळण्याची सक्ती, तर कधी ठरावीक उंचीपेक्षा बुटक्या मुलांनाच प्रवेश. खेळाडूचे वैगुण्य नेमके हेरून त्यालाच अभ्यासाचा विषय करणारी ही पद्धत मला वर्गात रुळलेल्या मास्तराचीच वाटते. कवायतीच्या मैदानावरील हवालदाराला ती सुचती, हे संभवत नाही. भारतीय संघाची धुराही त्यांच्याकडे आली, आणि 1951 च्या दिल्लीतील आशियाई क्रीडास्पर्धेत भारताने इराणला हरवून सुवर्णपदक मिळविले. पुढील वर्षी हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये मात्र युगोस्लाव्हियाकडून एकाविरुद्ध दहा गोलांनी दारुण पराभव झाला. आपले बहुतेक खेळाडू अनवाणी होते.

1 नोव्हेंबर 1956 रोजी राज्यांची पुनर्रचना होऊन मराठवाडा मुंबई राज्यात आला. ठीक एका महिन्याने, 1 डिसेंबरला, मेलबर्नच्या ऑलिंपिकमध्ये भारताने ऑस्ट्रेलियाला 4-2 असे नमविले: तीन गोल मुंबईकडून खेळणाऱ्या गोमंतकीय नेव्हिल डिसूझाचे, शिकवण रहीमसाहेबांची, आणि संघात नूर मोहम्मद, अझीझ, बलराम अशी हैदराबादची मंडळी. भारत त्या स्पर्धेत चौथा आला. देगलूरच्या माणसाला येथे जुना मुलूख आणि नवा मुलूख दोन्ही एकाच संघात सापडत होते, म्हणून पेच नव्हता. खरा पेच राज्याराज्यांच्या संघांमधील संतोष चषकाने घातला. 1956-57 आणि 1957-58 या दोन्ही हंगामांत अंतिम सामन्यात हैदराबादसमोर मुंबई उभी ठाकली, आणि दोन्ही वेळा हैदराबादने मुंबईला हरविले. महसुलाचे दप्तर एका रात्रीत हलविता येते. जिव्हाळ्याची तशी तहसील नसते. मराठी राज्याची ओढ मनोमन असलेल्या, पण पिढ्यान्‌पिढ्या ‘शहर’ म्हणजे हैदराबाद एवढेच ओळखणाऱ्या आमच्या सीमेवरच्या माणसाने त्या सामन्यांत कोणाची बाजू घ्यावी, हे राज्यपुनर्रचना आयोगाच्या अहवालात शोधून सापडले नसते.

पुढे संघाचे नाव आंध्र प्रदेश पोलिस झाले आणि 1961 साली त्या नावानेही त्याने ड्युरँड चषक जिंकला. 1962 मध्ये जकार्ता येथे रहीमसाहेबांच्या संघाने दक्षिण कोरियाला 2-1 असे हरवून आशियाई सुवर्णपदक पुन्हा आणले. त्या वेळी त्यांना कर्करोगाने ग्रासले होते, आणि जून 1963 मध्ये त्यांचे देहावसान झाले. बलराम त्यापूर्वीच कोलकात्याच्या ईस्ट बंगालकडे गेले होते. पोलिसी पगार आणि कोलकात्याचा लौकिक यांचा सामना एरवीही विषमच होता. मास्तर गेल्यावर, उत्तम खेळाडूला हैदराबादेतच राहा असे सांगण्याचा अधिकार असलेले माणूसही उरले नाही.