अक्षरांचे रंग आणि नामाची वाट

संस्कृतात ‘वर्ण’ या एकाच शब्दाने रंगही सांगितला जातो आणि अक्षरही. वर्णमाला म्हणजे अक्षरांची माळ, आणि गौरवर्ण म्हणजे गोरा रंग. ‘वर्ण्’ या धातूचा अर्थ रंगविणे असा आहे, तसाच सांगणे असाही आहे. म्हणूनच कथेकरी जेव्हा भगवंताच्या रूपाचे वर्णन करतो तेव्हा तो श्रोत्यांच्या मनावर रंगच चढवीत असतो. हा केवळ शब्दांचा खेळ आहे असे आम्हांस वाटत नाही. अक्षर आणि रंग यांचे काही आंतरिक नाते आहे, ही धारणा आपल्याकडे फार जुनी आहे.

ज्या घरांत अद्याप हस्तलिखित पोथ्या जतन केलेल्या असतील, त्यांनी त्या एकदा उघडून पाहाव्यात. मजकूर काळ्या शाईचा असतो. आरंभीचा श्रीकार, अध्यायाची समाप्ती आणि दंड पुष्कळदा हिंगुळाच्या तांबड्या शाईने काढलेले दिसतात. लेखनिकाच्या हातून चूक झाली की त्या अक्षरांवर तो पिवळी हरताळ लावी. ‘हरताळ फासणे’ हा आपला वाक्प्रचार त्यातूनच आला. पोथी नुसती उघडली तरी रंग आधी बोलू लागतो.

पण आज पौष पौर्णिमेच्या निमित्ताने सांगावयाचे ते याहून खोल आहे. ओंकाराच्या मात्रांना प्राचीनांनी रंग दिले. योगचूडामणि उपनिषदात अकार रक्तवर्ण, उकार शुक्ल आणि मकार कृष्ण सांगितला आहे. ब्रह्मा, विष्णू व रुद्र या त्यांच्या देवता. ध्यानबिंदु उपनिषद हाच क्रम देते, परंतु अकार मात्र पिवळा म्हणते. अथर्ववेदाच्या गोपथ ब्राह्मणात आणखी निराळे आहे. तेथे पहिली मात्रा तांबडी, दुसरी काळी, तिसरी कपिला आणि शेवटची शुद्ध स्फटिकासारखी आहे. हा मतभेद वाचकांनी ध्यानात ठेवावा; पुढे त्याचे काम पडेल.

महाराष्ट्रात या विचाराला योगमार्गी संतांनी आपले वळण दिले. समर्थांनी दासबोधाच्या सतराव्या दशकात चार देह, चार अवस्था, चार वाचा आणि चार मात्रा यांची सांगड घातली आहे. श्रीज्ञानेश्वरांच्या नावावर असलेल्या योगपर अभंगांतून त्यांस रंगही लाभले. स्थूल देहाचा रंग रक्त, मात्रा अकार, वाचा वैखरी. सूक्ष्म देह श्वेत, त्याची मात्रा उकार, वाचा मध्यमा. कारण देह श्याम, मात्रा मकार, वाचा पश्यंती. महाकारण देह नीळ. तेथे अर्धमात्रा आणि परा वाचा. आकाराचेही माप संप्रदायात सांगतात. स्थूल देह साडेतीन हात, सूक्ष्म अंगठ्याएवढा, कारण बोटाच्या अर्ध्या पेराएवढा, आणि महाकारण मसुरीच्या दाण्याएवढा. वाणी जसजशी आत जाते तसतसे रूप लहान होत जाते, आणि सर्वांत लहान बिंदूत सर्वांत मोठे सामावते.

ही परंपरा केवळ पोथीत राहिली नाही. म्हशापासून फार दूर नसलेल्या, याच ठाणे जिल्ह्यातील गणेशपुरीस राहिलेल्या स्वामी मुक्तानंदांनी ‘चित्शक्तिविलास’ या ग्रंथात रक्त, श्वेत, कृष्ण आणि नील ज्योतींचे आपले अनुभव लिहिले आहेत. स्वामी १९८२ मध्ये समाधिस्थ झाले. त्यांच्या ग्रंथामुळे नीलबिंदूची गोष्ट देशोदेशी पोहोचली.

आणि येथेच एक अडचण उभी राहते. रंगांची कथा कानी पडली की साधक रंगच शोधू लागतो. डोळे मिटून बसलेल्यास शेजारचा विचारतो, “काही दिसले का?”

म्हशाच्या यात्रेस येणाऱ्या भाविकांपुढे कीर्तनात आम्ही हा चार वाचांचा विषय मांडला होता. कीर्तन संपल्यावर बुक्का लावून घेण्यास एक वृद्ध शेतकरी पुढे आले. खांद्यावर घोंगडी, गळ्यात तुळशीची माळ. हलक्या आवाजात म्हणाले, “बुवा, चाळीस वर्षं नाम घेतोय. तांबडा नाही, निळा नाही, काहीच दिसलं नाही मला. माझा जप वाया गेला का?”

त्यांच्या डोळ्यांत पाणी होते. चाळीस वर्षांची पुंजी खोटी निघाली की काय, हे भय त्या पाण्यात होते.

आम्ही त्यांना बसवून घेतले. म्हटले, “बाबा, एक उपनिषद अकार तांबडा म्हणते, दुसरे पिवळा म्हणते. रंगावरच मोक्ष ठरत असता तर ऋषींनी आधी रंग एक केला नसता का? रंग निरनिराळे सांगितले, पण वाट एकच सांगितली. नाम आधी जिभेवर, मग कंठात, मग हृदयात, आणि शेवटी जिथे बोलणे उरत नाही तिथे. आता सांगा, नांगर धरलेला असताना नाम चालते का?”

“चालतं. ध्यानात नसतं, पण चालतं.”

“आणि रात्री जाग आली तर?”

ते थोडे थांबले. “जाग येते तीच नामावर येते, बुवा.”

शास्त्र ज्यास मध्यमा म्हणते ती याहून वेगळी कोठे शोधावी? ज्यांनी ज्योती पाहिल्या त्यांना आमचा नमस्कार आहे. पण ओठ न हलविता ज्याच्या आत नाम आपोआप फिरते, त्याने श्वेत ज्योत दिसली नाही म्हणून खंत करावी, हे आमच्या बुद्धीस पटत नाही.

बाबांनी घोंगडी सावरली. जाताना विचारले, “मग मोठ्यानं म्हणू का मनात?”

“सकाळी मोठ्याने म्हणा. नातवंडांच्या कानी पडते.”

ते हसले आणि बैलबाजाराच्या दिशेने निघाले. खोंड पाहावयाचा राहिला होता.