कोशातील नोंद

विश्वकोशात सर्व काही सापडते, अशी आपली समजूत असते. पण ती पूर्णपणे खरी नाही. डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकर यांनी महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचे २३ खंड सिद्ध केले. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादकत्वाखाली मराठी विश्वकोशाचा पहिला खंड १९७६ साली निघाला. कोणती नोंद घ्यावी, याइतकाच कोणती गाळावी, हाही कोशकारांपुढे मोठा प्रश्न असतो. छापील ग्रंथाची पाने मोजकीच असतात. २००१ साली सुरू झालेल्या विकिपीडियाला पानांची अडचण नाही. तरीही तेथे निवड करावीच लागते. कारण जागा कितीही असली, तरी खात्रीलायक माहिती तितकी नसते.

आता एक अवघड उदाहरण घेऊ. पुष्कळ धंद्यांची स्वतःची नियतकालिके असतात. विणकर, मुद्रक, औषधविक्रेते यांना मालाचे भाव, नवी यंत्रे व नवे कायदे त्यांतून कळतात. अशा नियतकालिकास कोशात स्वतंत्र लेख द्यावा काय? ते किती जुने आहे, त्याच्या किती प्रती खपतात, एवढ्यावरून हे ठरत नाही. ‘आमचे पत्र या व्यवसायात अग्रगण्य आहे’ असे त्याने स्वतःच छापले, तर त्यास साक्षीचे मोल नाही. आपला तो बाब्या, हे चालायचेच! त्या पत्राशी ज्यांचा लागाबांधा नाही, अशा जाणकारांनी त्याच्याविषयी सविस्तर लिहिलेले असावे लागते. मौज अशी की, अशा पत्रांतील मजकूर लोक पुराव्यादाखल वारंवार घेतात, पण खुद्द पत्राविषयी कोणी चार ओळीही लिहीत नाही.

लंडनमध्ये एडवर्ड लॉइड याच्या कॉफीगृहात जहाजांचे कप्तान, व्यापारी व विमेकरी जमत असत. लॉइडच्या मृत्यूनंतर, १७३४ साली, तेथून ‘लॉइड्स लिस्ट’ हे पत्र निघू लागले. कोणते जहाज कोठे पोहोचले, कोणते बुडाले, असा त्यातील रुक्ष मजकूर! परंतु सागरी व्यापाराचा इतिहास लिहिणाऱ्यांना त्यावाचून गत्यंतर नाही, आणि त्यांनी त्या पत्राविषयीही लिहिले आहे. २०१३ साली त्याची छापील आवृत्ती थांबली. म्हणून त्याची नोंद काही रद्द होत नाही.

आपल्याकडील ‘किर्लोस्कर खबर’ पाहा. नांगर तयार करणाऱ्या किर्लोस्करवाडीच्या कारखान्याचे हे पत्र शंकरराव किर्लोस्करांनी १९२० साली सुरू केले. पुढे त्याचेच ‘किर्लोस्कर’ हे सर्वांचे मासिक झाले. त्याच्या जोडीला ‘स्त्री’ व ‘मनोहर’ ही मासिके निघाली. मराठी नियतकालिकांचा इतिहास सांगताना अभ्यासकांना ते वगळता येत नाही. येथे संपादकाचे काम सोपे होते.

ज्या पत्राविषयी असे लेखन मिळत नाही, त्याचा उल्लेख त्या धंद्यावरील लेखातच दोन वाक्यांत करावा, हे उचित. मात्र यात थोडा अन्यायही होतो, हे मान्य केले पाहिजे. कित्येक लहान व्यवसायांच्या पत्रांचे जुने अंक रद्दीत गेले, आणि त्यांची कामगिरी सांगणारे कोणी उरले नाही. तरीही संपादकाने ही उणीव केवळ ऐकीव माहितीने भरून काढणे योग्य नव्हे. आधी कोणा अभ्यासूने उरलेले अंक गोळा करून त्या पत्राचा इतिहास लिहावयास हवा. तो प्रसिद्ध झाला, की पूर्वीचा निर्णय बदलून नवी नोंद घेता येते.