रस्त्यावरून जाणारी शिडाची होडी, आणि तिच्याकडून आपण घ्यायची एक गोष्ट



सिल्वासाला समुद्र नाही, पण पाणी दोन्ही हातांना आहे. एकीकडे दुधनीला मधुबन धरणाचा जलाशय, दुसरीकडे दमणचा किनारा. मधे आपली दमणगंगा. नाशिकच्या डोंगरातून उतरते आणि दमणला समुद्राला मिळते. पण धरणाची भिंत आडवी आहे. एकच होडी दोन्ही पाण्यांत चालवायची तर ती गाडीमागे ट्रेलरला लावून रस्त्यानेच न्यावी लागणार.

जगात अशा शिडाच्या छोट्या होड्या खास बनवतात. सुट्टीत शर्यत, एरवी दोन-चार दिवसांची सफर, आणि काम झालं की ट्रेलरवर घालून घरी. "ही हौशी लोकांची कामं, आपला काय संबंध?" असं कोणी म्हणेल. संबंध आहे, आणि तो जिवाशी आहे. म्हणून शेवटपर्यंत वाचा.

सगळं वजनावर ठरतं

शिडाची होडी वाऱ्याने कलते. मोठ्या गलबताला सरळ ठेवायला खोल कणा असतो आणि पोटात निरम भरलेलं असतं. तळकोकणात लहान होडीला उलांडी लावतात. ट्रेलरच्या होडीला यातलं काहीच परवडत नाही. निरम भरलं तर गाडी ओढणार नाही, उलांडी लावली तर रस्त्यात मावणार नाही, आणि खोल कणा असला तर उथळ काठावर ती ट्रेलरवरून उतरणारच नाही.

मग वजन किती ठेवायचं? दोन होड्या बघा. १९८२ च्या आशियाई खेळांतल्या शिडाच्या शर्यती मुंबईत झाल्या. तिथे फारोख तारापोर आणि झरीर करंजिया यांनी 'फायरबॉल' होडीत सुवर्णपदक मिळवलं. फायरबॉलची लांबी ४.९३ मीटर आणि नुसत्या सांगाड्याचं वजन फक्त ७९ किलोच्या आसपास. ही शुद्ध शर्यतीची होडी.

दुसरी 'वेफेरर'. इयन प्रॉक्टर या इंग्रज आरेखकाने १९५७ मध्ये काढलेली. लांबी जवळपास तेवढीच, ४.८२ मीटर, पण सांगाडा सुमारे १६९ किलोचा, म्हणजे दुपटीहून जड. रुंदी १.८५ मीटर. हे जादा वजन रुंद पोटात, मजबुतीत आणि सामानाच्या जागेत गेलं. म्हणून ती शर्यतही धावते आणि सफरीलाही जाते. रात्री वर ताडपत्री टाकून आत झोपता येतं.

खाली-वर होणारी फळी

कण्याच्या जागी मधोमध एक फळी असते, तिला सेंटरबोर्ड म्हणतात. वर ओढली की वेफेररला पोटरीएवढं, म्हणजे २० सेंटिमीटर पाणी पुरतं. खाली सोडली की ती १.१७ मीटर खोल जाते आणि होडीला वाऱ्याबरोबर आडवं सरकू देत नाही. पण ही फळी हलकी असते, ती होडीला सरळ धरत नाही. सरळ धरतात ती आतली माणसं, वाऱ्याच्या बाजूच्या काठावर बसून. ७० किलोचे दोघे म्हणजे १४० किलो. होडीचं निरम म्हणजे तेच.

आता डोंगरातल्या जलाशयाचा वारा आपल्याला माहीत आहे. टेकडीआडून अचानक झपाटा येतो. माणसं बेसावध असली की अशी होडी उलटणारच.

उलटणार, हे धरूनच आखलेली

इथे या होडीचं खरं शहाणपण आहे. आखणाऱ्याने "ही उलटणार नाही" असं म्हटलंच नाही. "उलटली तरी बुडणार नाही, आणि दोघांना ती सरळ करता येईल" हे आधी पक्कं केलं. वेफेररच्या नाळेला आणि मागच्या बाजूला हवाबंद कप्पे आहेत. होडी आडवी झाली की एकाने त्या फळीवर उभं राहून काठ ओढायचा, होडी उठते. मग पाणी उपसायचं आणि पुढे निघायचं.

फ्रँक डाय नावाच्या इंग्रज माणसाने १९६३ मध्ये वेफेररमधून स्कॉटलंडहून आइसलंड गाठलं. १९६४ मध्ये तो आणि त्याचा जोडीदार नॉर्वेला निघाले तेव्हा वादळात होडी एकाहून जास्त वेळा उलटली, डोलकाठी मोडली. दोघे जिवंत नॉर्वेला पोहोचले. असलं धाडस कोणी करू नये. पण होडी तरंगत राहिली नसती तर ही गोष्ट सांगायला कोणी उरलं नसतं.

आता आपल्या होडीकडे बघू

लाकडाची होडी भरली तरी निदान काठाशी तरंगते. फायबर मात्र पाण्याहून जड. हवाबंद जागा नसेल तर भरलेली फायबरची होडी इंजिनासकट तळाला जाते, आणि धरायला काही उरत नाही.

हिशोब सोपा आहे. २०० किलो फायबरचं पाण्याखाली वजन साधारण ७५ किलो भरतं. ५० किलोच्या इंजिनाचं साधारण ४०. एकूण ११५. वीस लिटरचा रिकामा, घट्ट झाकणाचा कॅन साधारण २० किलो उचलून धरतो. सहा कॅन म्हणजे जेमतेम. दहा लावले तर होडी पाण्याच्या पातळीला तरंगेल आणि तीन-चार माणसं धरून राहू शकतील. आपापल्या होडीच्या वजनाप्रमाणे आकडा काढा.

कॅन दोन्ही बाजूंना, काठाच्या खाली, सारखे वाटून लावा. तळाशी लावले तर भरलेली होडी पालथी होते. दोरी पक्की हवी, कारण सुटलेला कॅन होडीला धरत नाही. आणि कॅन आहेत म्हणून लाइफ जॅकेट घरी ठेवायचं नाही.

ट्रेलरवाल्यांसाठी

• ट्रेलरची आरटीओ नोंदणी लागते.
• लांबून आलात तर चाकं थंड होऊ द्या. गरम चाक पाण्यात घातलं की पाणी आत ओढलं जातं आणि बेअरिंग जातं.
• डोलकाठी उभी करण्याआधी वर बघा. विजेच्या तारेला लागली तर जीव जातो. उभी केल्यावर होडी तारांखालून नेऊ नका.
• खाऱ्या पाण्यातून आल्यावर होडी आणि ट्रेलर दोन्ही गोड्या पाण्याने धुवा.

शिडाची होडी घ्या असं आमचं सांगणं नाही. पण पुढच्या वेळी नवीन होडी बांधायला टाकाल तेव्हा कारागिराला इंजिनाचं विचाराल, डिझेलचं विचाराल, तसं हेही विचारा: "भरली तर तरंगेल का?" उत्तर "नाही" असेल तर बांधतानाच कप्पे सोडायला सांगा. नंतर कॅन बांधण्यापेक्षा ते केव्हाही बरं.

जपून राहा, मंडळी.